खाजनांवरचा माहितीपट: भरतीचं वेळापत्रक, परवानग्या, पैसा आणि हक्क

पोंयकाठ
गोव्याच्या तिसवाडी तालुक्यातल्या खाजन शेतीवर (बांध घालून भरतीच्या पाण्यापासून राखलेल्या सखल जमिनीतली शेती) साधारण ५२ मिनिटांचा माहितीपट करायचं ठरतंय. जूनच्या पेरणीपासून कापणीपर्यंत एक पूर्ण हंगाम, तिघांचं युनिट. संवाद कोकणीत, थोडे मराठीत, सबटायटल्स इंग्रजी. जाणकारांकडून हवंय ते असं: परवानग्या कुणाकुणाच्या लागतात, पैसा कसा उभा करायचा, आणि पुढे माहितीपटांवरच पोट भरायचं असेल तर निर्माता म्हणून पहिल्या फिल्मपासून काय सांभाळायला हवं? कॅमेरा हाताशी आहे, त्यामुळे कॅमेऱ्यांची चर्चा इथे नको.

मांडवीकाठ
शेवटच्या प्रश्नापासून सुरू करतो, कारण बाकीचं सगळं त्यावर उभं आहे. स्वतंत्र माहितीपटकाराची खरी मिळकत म्हणजे फिल्मचे हक्क. चित्रीकरणाचे पैसे एकदाच मिळतात. हक्क हातात असतील तर तीच फिल्म दहा वर्षं थोडंथोडं देत राहते: वाहिनी, विद्यापीठं, ओटीटी, दुसऱ्या कुणाच्या फिल्मसाठी फुटेज. हक्क गेले की दर वर्षी नव्याने शून्यातून सुरुवात.

कॉपीराइट कायद्याची दोन कलमं तोंडपाठ असू द्या. कलम १७ म्हणतं, मोबदला देऊन कुणी तुमच्याकडून फिल्म करून घेतली आणि उलट करार नसेल, तर पहिला मालक पैसे देणारा. म्हणजे एखाद्या संस्थेने 'खाजनांवर फिल्म करा, एवढे पैसे देतो' असं ईमेलवर कळवलं आणि तुम्ही कामाला लागलात, तर फिल्म त्यांची. कच्चं फुटेजही आपलंच असं ते म्हणू लागतात आणि तुमच्याकडे दाखवायला कागद नसतो. म्हणून पहिला हप्ता घेण्याआधी एका पानाचा करार हवाच. कॉपीराइट निर्मात्याकडे, संस्थेला अमुक वर्षं बिगरव्यावसायिक वापराचा परवाना, कच्चं फुटेज निर्मात्याचं, नामावलीत संस्थेचं नाव. चांगल्या संस्था हे मान्य करतात. त्यांना फिल्म दाखवायची असते, विकायची नसते.

कलम १९ हक्क दुसऱ्याच्या नावे करण्याबद्दल आहे. ते लेखीच व्हावं लागतं. मुदत लिहिली नसेल तर ५ वर्षं, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत असं धरलं जातं. हे तुमच्या बाजूने आहे तसं विरोधातही जातं: संगीतकाराशी किंवा छायालेखकाशी केलेल्या करारात मुदत आणि प्रदेश लिहायला विसरलात, तर सहाव्या वर्षी परदेशी वाहिनी आली की तुमच्याकडे विकायला संगीत नाही. 'कॉपीराइटच्या पूर्ण मुदतीसाठी, जगभर, सर्व माध्यमांत' हे शब्द प्रत्येक करारात हवेत. युनिटमधले तिघं मित्र असले तरी.

सातेरी
परवानग्यांबद्दल. गोव्यात चित्रीकरणाच्या परवानगीसाठी मुख्य दार म्हणजे एंटरटेनमेंट सोसायटी ऑफ गोवा, पणजीच्या मॅकिनेझ पॅलेसच्या आवारात. सार्वजनिक जागा, समुद्रकिनारे, रस्ते यांचा अर्ज तिथून जातो. पण खाजन ही सार्वजनिक जागा नाही, त्यामुळे त्या कागदाने इथे फारसं भागत नाही.

इथे जमिनीची मालकी कोमुनिदादची (गावाची सामुदायिक जमीनमालक संस्था) किंवा खासगी, कसणारे कूळ, बांधांची देखभाल कूळ संघटनेकडे, आणि मानशीवरच्या (मानस म्हणजे बांधातलं, पाणी आत-बाहेर सोडणारं दार) मासेमारीचा दर वर्षी लिलाव. म्हणजे एकाच मानशीवर कॅमेरा लावायला कूळ संघटनेची लेखी संमती हवी, आणि लिलाव घेणाऱ्याचा होकार वेगळा. दुसरी गोष्ट लोक विसरतात. लिलाव घेतलेल्याचा सगळा हंगाम त्या दारातून येणाऱ्या मासळीवर असतो, आणि रात्रीच्या ओहोटीला तुमचे दिवे तिथे नको असतात. आधी त्यांच्याकडे बसा, कुठल्या रात्री चालेल ते त्यांनाच ठरवू द्या.

संघटनेचं पत्र घेताना अध्यक्षांची सही आणि शिक्का, बांधाचं किंवा वाड्याचं नाव, तारखांची मुदत. 'हंगामभर' असं मोघम नको. १ जून ते ३० नोव्हेंबर असं लिहा. मध्येच समिती बदलली तरी कागद टिकतो.

चोडणच्या डॉ. सलीम अली पक्षी अभयारण्याच्या हद्दीत शिरणार असाल तर वन्यजीव संरक्षण कायद्याखाली वनखात्याची परवानगी वेगळी, ती मुख्य वन्यजीव रक्षकांकडून येते. जुन्या गोव्यातल्या संरक्षित वास्तू फ्रेममध्ये मुद्दाम घ्यायच्या असतील तर पुरातत्त्व सर्वेक्षणाचं गोवा मंडळ, आणि आत जायचं तर चर्चची स्वतंत्र संमती. पलीकडच्या तीरावरून लांबवर दिसणारा घुमट वेगळा आणि आवारात तिपाई लावणं वेगळं.

रापण
ड्रोनचं कुणी बोललं नाही म्हणून. ड्रोन नियम २०२१ प्रमाणे २५० ग्रॅमपर्यंतचं नॅनो, त्यावर २ किलोपर्यंत मायक्रो. नॅनोला रिमोट पायलट प्रमाणपत्र लागत नाही. मायक्रो व्यावसायिक कामासाठी उडवायचं तर लागतं, आणि विकायची फिल्म हे व्यावसायिकच काम. हिरव्या क्षेत्रात ४०० फुटांपर्यंत वेगळी परवानगी नको, पण गोव्यात हिरवं क्षेत्र कुठे आहे हे नकाशा उघडून त्या दिवशीच बघावं लागतं. दाबोळी हा नौदलाचा तळ आहे, आणि २०२३ पासून मोपाही चालू आहे. तिसवाडीचा दक्षिण भाग, जुवारीच्या बाजूचा, बांधावर उभं राहून मोकळा वाटतो, पण विमानतळ समोरच्याच तीरावर आहे. डिजिटल स्कायवर (ड्रोनसाठीचा सरकारी ऑनलाइन नकाशा) जागा तपासा, स्क्रीनशॉट तारखेसह ठेवा. नॅनो आहे म्हणून लाल क्षेत्रात चालतं असा समज आहे, तो चुकीचा.

मायक्रोचं प्रमाणपत्र नसेल तर प्रमाणपत्रवाला पायलट एकेका दिवसासाठी घ्या आणि पेरणीआधीची कोरडी जमीन, पाण्याखालची जमीन असं जे हवं ते दोन फेऱ्यांत उरका.

तिवर
चित्रीकरणाचं वेळापत्रक सगळ्यात आधी भरतीच्या तक्त्यावर बसवा, मग माणसांच्या सोयीवर.

मुरगावचा तक्ता छापील आणि ऑनलाइन मिळतो. भरती रोज साधारण ५० मिनिटं पुढे सरकते. दिवसातल्या दोन भरत्या सारख्या उंचीच्या नसतात, तेव्हा तक्त्यात वेळेबरोबर उंचीचा आकडाही बघा. आणि मुरगावची वेळ म्हणजे नदीच्या मुखाजवळची. आत दिवाडी-चोडणकडे पाणी उशिरा चढतं. किती उशिरा, हे त्या-त्या मानशीवर सलग तीन दिवस घड्याळ लावून लिहून काढा, पुढे महिनाभर तोच फरक धरून चालता येतं.

आता उजेडाचं. एका जागी उधाणाची भरती दर अमावास्या-पौर्णिमेला साधारण त्याच सुमाराला येते, आणि आपल्याकडे ती दुपारच्या अलीकडेपलीकडे पडते. म्हणजे बांधाला लागलेलं पाणी जास्तीत जास्त असतं तेव्हा ऊन डोक्यावर. कोवळ्या उन्हात भरलेलं पाणी हवं असेल तर अष्टमीच्या आसपासचे भांगाचे दिवस घ्या. पाणी कमी चढतं, पण सकाळ-संध्याकाळ मिळते. बांधावरचा ताण दाखवायचा प्रसंग उधाणाच्या ढगाळ दिवसासाठी राखून ठेवा. जुलै-ऑगस्टमध्ये असे दिवस भरपूर.

मानशीची दारं मिटण्याचा क्षण हा या फिल्मचा कणा आहे असं माझं मत. तो भरतीच्या टोकाला येत नाही. बाहेरचं पाणी आतल्या पाण्याच्या पातळीला येऊन वर चढू लागलं की लाकडी दारं पाण्याच्या दाबाने आपोआप आत ढकलली जाऊन मिटतात, म्हणजे भरती चढत असताना, टोकाच्या बऱ्याच आधी. ओहोटीला उलट, दारं उघडतात. मिटताना आधी प्रवाह मंदावतो, तरंगणारा पाला एका जागी घुटमळतो, मग दार हलकेच डोलतं आणि एकदम बसतं. पाला थांबलेला दिसला की कॅमेरा चालू करा. दार बसताना फळ्यांच्या फटींतून पाण्याच्या पातळ धारा सुटतात आणि हळूहळू कमी होतात. तो शॉट आतल्या बाजूने, पाण्याच्या पातळीवरून घ्या. तिपाई बांधाच्या दगडावर. मातीवर ठेवलीत तर पाण्याच्या धक्क्याने फ्रेम थरथरते आणि स्थिरीकरणाने ती पुरती सुधारत नाही.

एकाच दिवशी दोन बाजू मिळत नाहीत. आतली एक दिवस, बाहेरची दुसऱ्या दिवशी ५० मिनिटांनी. सलग दिवस घेतले तर उजेड जुळतो.

पोंयकाठ
तिवरजी, हे सोनं आहे. दारं मिटतानाचा आवाज वेगळा घ्यावा लागेल ना? तिथे पाण्याचाच खळाळ एवढा असतो.

आवाजवाला
वेगळाच घ्या. कॅमेऱ्यावरच्या माइकला तिथे नुसता पांढरा गोंगाट ऐकू येतो. दार बसण्याचा ठोका लाकडातून जातो, म्हणून चौकटीला चिकटवायचा कॉन्टॅक्ट माइक एक, पाण्याखालचा हायड्रोफोन एक, आणि पाच-सहा मीटर मागे स्टिरिओ जोडी. तिन्ही वेगवेगळ्या ट्रॅकवर, ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. ३२ बिट फ्लोटचा रेकॉर्डर असेल तर उत्तम, कारण ठोका अचानक येतो आणि पातळी आधी ठरवता येत नाही.

मुलाखतींचं जास्त महत्त्वाचं. गोव्यातल्या जुन्या घरात कौलांवर पाऊस सुरू झाला की मुलाखत संपली असं समजा. पत्र्याची पडवी असेल तर त्याहून वाईट. पावसाळ्यात मुलाखती सकाळच्या उघडिपीत ठेवा आणि दर वेळी पर्यायी खोली बघून ठेवा: मधली, खिडकी नसलेली, गाद्या-कपाटं असलेली. पंखा आणि फ्रीज बंद. फ्रीज बंद करताना गाडीची किल्ली त्यात ठेवायची ही जुनी युक्ती आहे. परत चालू केल्याशिवाय निघताच येत नाही.

लेपल माइक छातीवर, तोंडापासून वीतभर खाली. खाजनात काम करणारा माणूस उघडा किंवा ओल्या बनियनवर असतो; तिथे लेपल घासतो, घामाने बंद पडतो. त्याच्यासाठी बूमच, ब्लिंप आणि केसाळ कव्हरसह. बांधावर वारा कधीच थांबत नाही आणि साधी फोमची टोपी तिथे निकामी. वाऱ्याची घरघर ८० हर्ट्झच्या खालच्या फिल्टरने थोडी जाते, पण माइकच्या पडद्याला वाऱ्याने धक्का दिला असेल तर संकलनात काहीच हाती लागत नाही. प्रत्येक जागेचा एक मिनिटाचा मोकळा आवाज न विसरता घ्या. संवादाच्या जोडाखाली तोच लागतो. जूनच्या बेडकांचा आवाज आणि ऑक्टोबरचा आवाज एकमेकांवर चढत नाहीत.

कुळागर
उपकरणांची काळजी, थोडक्यात. पावसाळ्यात लेन्सवर बुरशी धरते ती बंद बॅगेत, वापरात असताना नाही. ड्राय कॅबिनेट ४० ते ५० टक्के आर्द्रतेवर. नसेल तर रबरी कडेचा हवाबंद डबा, सिलिका जेल आणि आत एक स्वस्तातला आर्द्रतामापक. जेलचा रंग बदलला की तव्यावर मंद भाजून परत वापरता येतं. एसी खोलीतून थेट बाहेर काढलेल्या लेन्सवर आतूनही दव धरतं, म्हणून निघण्याआधी कॅमेरा प्लास्टिकच्या पिशवीत बंद करून अर्धा तास बाहेरच्या हवेत ठेवा. खाऱ्या पाण्याचा शिंतोडा उडाला तर आधी गोड्या पाण्याने ओलावलेलं फडकं, मग कोरडं. उलटं केलं तर मिठाचे कण काचेवर घासले जातात.

मांडवीकाठ
डेटाचं गणित मांडतो, बजेटमध्ये हेच नेहमी कमी धरलं जातं. १०० मेगाबिटचा ४के म्हणजे तासाला ४५ जीबी, २०० मेगाबिटचा ९० जीबी. ३० दिवस, दिवसाला २ तास फुटेज धरलं तर ६० तास, म्हणजे २.७ किंवा ५.४ टीबी. प्रती तीन: दोन वेगवेगळ्या डिस्कवर, तिसरी वेगळ्या गावात. गोव्यात पावसाळ्यात वीज जाते आणि परत येताना दाब उसळतो, म्हणून कॉपी चालू असताना यूपीएस हवाच. कॉपी नुसती ओढून टाकू नका, चेकसम तपासणारं, म्हणजे प्रत मुळाशी तंतोतंत जुळते का ते बघणारं सॉफ्टवेअर वापरा. कार्ड दुसरी प्रत तपासल्याशिवाय पुसायचं नाही, दिवस कितीही लांबला तरी.

२५ फ्रेमवर शूट करा. शटर १/५०. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे देवळातल्या ट्यूबलाइटी, जत्रेतले एलईडी लुकलुकत नाहीत.

चोखंदळ
२५ की २४ यावर थोडं वेगळं मत. चित्रपटगृह आणि अमेरिकी ओटीटी डोळ्यांसमोर असेल तर २४ चालेल, फक्त शटर १७२.८ अंशांवर ठेवा, म्हणजे १/५० च होतं. पण ५२ मिनिटांचा माहितीपट म्हणजे वाहिनीचाच स्लॉट. युरोपातल्या वाहिन्या २५ वर चालतात, तेव्हा इथे २५ बरोबर. फक्त डीसीपी (चित्रपटगृहात दाखवायची डिजिटल प्रत) करताना लक्ष ठेवा: २५ फ्रेमचा डीसीपी एसएमपीटीई पद्धतीचा करून घ्या, जुन्या इंटरऑप पद्धतीत काही प्रोजेक्टर तो घेत नाहीत. महोत्सवाला पाठवायची डिस्क एक्सटी२ किंवा एक्सटी३ फॉरमॅटची. विंडोजची एनटीएफएस डिस्क पाठवली आणि आदल्या संध्याकाळी ती सर्व्हरने वाचली नाही, हे दर महोत्सवात कुणाचं ना कुणाचं होतंच.

सबटायटल्सचंही सांगतो. एका ओळीत ४२ अक्षरं, जास्तीत जास्त दोन ओळी, एक टायटल ७ सेकंदांच्या वर नको. कोकणी बोलण्याचा वेग इंग्रजी वाचनापेक्षा जास्त असतो, तेव्हा शब्दशः न उतरवता आटोपशीर करावं लागतं. आणि खाजन, मानस, पोंय (आतलं पाणी साठणारी खोलगट जागा), कोरगुट (खारं पाणी सोसणारं भात) हे शब्द इंग्रजीतही तसेच ठेवा. पहिल्यांदा शब्द येतो त्या शॉटमध्ये ती गोष्ट दिसत असली की पुढे समजावण्याची गरज पडत नाही. मुलाखती लिहून काढणं यंत्रावर सोडू नका. तिसवाडीची, सासष्टीची आणि पेडण्याची बोली यंत्राला वेगळी कळत नाही. एका तासाच्या मुलाखतीला माणसाचे पाच-सहा तास धरा.

पोंयकाठ
पैशाकडे येऊया का? गोवा सरकारची योजना, परदेशी अनुदानं, इफ्फीचा (भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव) फिल्म बाजार, काय खरं आणि काय ऐकीव?

सातेरी
एंटरटेनमेंट सोसायटीची फिल्म अर्थसाहाय्य योजना कोकणी-मराठी निर्मितीसाठी आहे. अर्ज उघडेल तेव्हाची अधिसूचना मुळातून वाचा: कथाबाह्य फिल्म पात्र आहे का, किती मिनिटांची, रक्कम आधी की प्रमाणपत्र मिळाल्यावर. सरकारी साहाय्य सहसा काम पूर्ण झाल्यावर किंवा हप्त्यांनी येतं, त्यामुळे त्यावर चित्रीकरण सुरू करता येत नाही. संकलनाच्या टप्प्याला ते धरा.

फिल्म बाजार एनएफडीसीचा (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ), २००७ पासून, इफ्फीच्या दिवसांत नोव्हेंबरमध्ये. इफ्फी २००४ पासून कायम आपल्याकडेच असल्याने बाहेरच्यांना लागतो तो प्रवास-मुक्कामाचा खर्च गोवेकरांना नाही, हा फायदा घ्यायलाच हवा. पण अर्ज काही महिने आधी बंद होतात. चित्रीकरण ऑक्टोबरमध्ये संपवून त्याच नोव्हेंबरात तिथे काही मांडता येईल असं समजू नका. पहिल्या वर्षी प्रतिनिधी म्हणून जा, कोण काय विकत घेतं ते बघा. दुसऱ्या वर्षी रफ कट घेऊन जा.

मांडवीकाठ
परदेशी पैशाबद्दल एक गोष्ट डोक्यात पक्की करा. परदेशातून देणगी किंवा अनुदान म्हणून आलेली रक्कम एफसीआरए कायद्यात (परदेशी देणग्यांचं नियमन करणारा कायदा) येते. व्यवसायाच्या नेहमीच्या व्यवहारातला मोबदला, म्हणजे वाहिनीने परवान्याचे दिलेले पैसे किंवा सहनिर्मितीच्या करारातली फी, त्यात धरला जात नाही. दोन्ही पैसे त्याच फंडातून येऊ शकतात. फरक करारातल्या शब्दांत असतो. म्हणून परदेशी फंडाला अर्ज करण्याआधी, मंजुरी आल्यावर नव्हे, कराराचा नमुना मागवून सनदी लेखापालाला दाखवा. मंजूर झालेली रक्कम बँकेत अडकली की हंगाम जातो.

जीएसटीची मर्यादा गोव्यात सेवांसाठी वर्षाला २० लाख उलाढाल. परदेशी ग्राहकाला दिलेली सेवा निर्यात ठरली तर एलयूटी (हमीपत्र) भरून शून्य दराने बिल करता येतं. ग्राहक १० टक्के टीडीएस कापतात तो विवरणपत्रात परत मागता येतो, पण मधले काही महिने ते पैसे हाताशी नसतात. रोख प्रवाहात तेवढी फट धरा.

बजेटमध्ये स्वतःचं मानधन शून्य लिहायची आपल्याकडे सवय आहे. ती सोडा. दिग्दर्शक, निर्माता, कॅमेऱ्याचं भाडं हे सगळं बाजारभावाने लिहा आणि अर्थपुरवठ्याच्या पानावर 'निर्मात्याचं योगदान' म्हणून तेवढीच रक्कम दाखवा. फंडवाले पहिला प्रश्न विचारतात, पैशाचा पहिला भाग कुणी घातला? तुमच्या श्रमाची किंमत कागदावर असेल तर उत्तर तयार असतं, आणि पुढे सहनिर्माता आला तर तुमचा वाटा त्या आकड्यावर ठरतो. १० टक्के आकस्मिक खर्च वेगळा. संकलनाला निदान बारा आठवडे. रंगदुरुस्ती, ध्वनिमिश्रण, सबटायटल्स, डीसीपी, महोत्सवांच्या प्रवेश फी या पाच ओळी गाळलेलं बजेट वाचणाऱ्याला लगेच कळतं.

रापण
पिचच्या (फंडवाल्यांपुढे फिल्म मांडण्याच्या) फाइलमध्ये ट्रेलर दोन-तीन मिनिटांचा, पण त्यात संगीतावर कापलेले सुंदर शॉट नकोत. एक प्रसंग नीट उलगडलेला हवा. बांध फुटलाय, कुळं जमली आहेत, कुणी जायचं आणि खर्च कुणी करायचा यावर बोलणं चाललंय, एवढं दीड मिनिट दाखवलंत तरी समोरच्याला कळतं की तुम्हाला आत प्रवेश आहे. निवड करणारे बहुतेक तेच बघत असतात.

कुळागर
वाद असणार हे धरून चला. बांध मुद्दाम फोडला, खारं पाणी आत घेऊन मत्स्यशेती केली, मग भराव टाकला, हे आरोप तुम्हाला प्रत्येक वाड्यावर ऐकायला मिळतील. कॅमेऱ्यासमोर नाव घेतलं गेलं की जबाबदारी बोलणाऱ्याबरोबर तुमचीही. बदनामीचं कलम नव्या भारतीय न्याय संहितेत ३५६ आहे. नाव ठेवायचं असेल तर एक-चौदाचा उतारा (गोव्यातला सातबारासारखा जमिनीचा उतारा), जुना सर्व्हे नकाशा, माहितीच्या अधिकारात मिळालेली पत्रं हाताशी हवीत, आणि ज्याच्यावर आरोप आहे त्याला उत्तर देण्याची संधी लेखी दिल्याचा पुरावा हवा. त्याने नकार दिला तर नकाराचं पत्र किंवा ईमेलही फाइलमध्ये. पुढे वाहिनी विमा मागते तेव्हा वकील हीच फाइल बघतो.

संमतीपत्र कोकणीत, देवनागरी आणि रोमी दोन्ही लिपींत छापून न्या. तिसवाडीत बऱ्याच वडीलधाऱ्यांना रोमीच वाचता येते. अंगठा घेतला तर वाचून दाखवतानाचं चित्रीकरण करा: नाव, तारीख, 'फिल्म टीव्हीवर आणि इंटरनेटवर दिसेल' हे वाक्य, आणि त्यांचा होकार. मुलांसाठी पालकाची सही.

सातेरी
संमती मी पहिल्याच दिवशी घेऊ नये असं सुचवेन. कागद पुढे केला की माणूस आखडतो आणि सरकारी काम समजतो. तोंडी होकार कॅमेऱ्यावर पहिल्या दिवशी, सही तिसऱ्या-चौथ्या भेटीत.

कुळागर
मान्य, पण तोंडी होकार पहिल्या दिवशी रेकॉर्ड झालाच पाहिजे, आणि सही चित्रीकरण संपण्याआधी. संकलन झाल्यावर सही मागायला गेलात तर तोवर गावात निवडणूक होऊन गेलेली असते.

चोखंदळ
जुनं फुटेज आणि गाणी यांवर कुणी काही लिहिलं नाही. भारतात चित्रफितीचा कॉपीराइट प्रकाशनाच्या पुढच्या कॅलेंडर वर्षापासून ६० वर्षं. म्हणजे १९६१ साली प्रकाशित झालेली भारतीय वृत्तचित्रं २०२१ अखेर मुक्त झाली. फिल्म्स डिव्हिजनचा संग्रह आता एनएफडीसीकडे. हक्क संपले तरी चांगल्या दर्जाची प्रत आणि स्कॅनचे पैसे द्यावेच लागतात, आणि प्रत घेताना ते पुढच्या वापरावर अटी घालू शकतात, तो कागद वाचा. पोर्तुगालमधल्या संग्रहांतल्या साहित्याला तिथला कायदा, तिथे मुदत जास्त. कोमुनिदादच्या जुन्या नोंदी पणजीच्या पुराभिलेख खात्यात पोर्तुगीज हस्तलिखितांत आहेत. वाचणारा माणूस बरोबर न्या आणि कॅमेरा नेण्याची परवानगी आधी. जुन्या वर्तमानपत्रांसाठी पाटोवरचं कृष्णदास शामा ग्रंथालय.

शेतात बायका लावणीची गाणी म्हणतात, ती पारंपरिक असतील तर रचनेचे हक्क नाहीत, पण म्हणणाऱ्यांचा सादरकर्ता म्हणून हक्क आहे, कलम ३८. संमतीपत्रात गाण्याची ओळ वेगळी घाला. मांडो पारंपरिक वाटतात, पण बऱ्याच मांड्यांचे कर्ते माहीत आहेत. कर्त्याच्या मृत्यूला ६० वर्षं झाली का ते आधी बघा. आणि मागे कुणाच्या रेडिओवर हिंदी गाणं चालू असेल तर मुलाखत थांबवून रेडिओ बंद करायला सांगा. वाक्याखाली चिकटलेलं गाणं काढता येत नाही, आणि त्याचा परवाना फिल्मच्या सगळ्या संगीतापेक्षा महाग पडतो.

पोंयकाठ
फिल्म झाल्यावर आधी गावात दाखवायची इच्छा आहे. महोत्सवांना ते चालतं का? आणि सेन्सॉरचं?

मांडवीकाठ
मोठे महोत्सव पहिल्या सार्वजनिक प्रदर्शनावर अडून बसतात. ज्यांचं चित्रीकरण केलं त्यांना, तिकीट न लावता, प्रसिद्धी न करता दाखवणं बहुतेक जण प्रीमियर मानत नाहीत, तरी प्रवेशिका पाठवण्याआधी त्यांना लिहून विचारा. यूट्यूबवर मात्र एक दिवससुद्धा नको. पाहायला देताना पासवर्ड असलेली लिंक. आम्सटरडॅमचा महोत्सव आणि इफ्फी दोन्ही नोव्हेंबरात. आधी कुठे पाठवायचं ते पहिल्या रफ कटलाच ठरवा. मुंबईचा मिफ दर दोन वर्षांनी, केरळचा तिरुवनंतपुरमला. कोलकात्याचं डॉकेज पिचिंगसाठी, तेव्हा तिथे फिल्म पूर्ण व्हायच्या आधी जायचं असतं.

सेन्सॉर: महोत्सवातल्या खेळांसाठी सूट मंत्रालयाकडून आयोजक मिळवतात, तुम्हाला काही करावं लागत नाही. रवींद्र भवन, चित्रपटगृह अशा सार्वजनिक खेळांना प्रमाणपत्र हवं, राष्ट्रीय पुरस्कारांनाही. अर्ज ऑनलाइन, मुंबई कार्यालयाकडे. २०२३ च्या दुरुस्तीनंतर प्रमाणपत्राची दहा वर्षांची मुदत गेली, ते कायमचं असतं. तुमच्या फिल्ममध्ये नांगराला रेडे असतील तर प्राणी कल्याण मंडळाचा प्रश्न येईल. शेतकऱ्याने आपलं रोजचं काम करताना टिपलेलं दृश्य आहे, चित्रीकरणासाठी जनावर वापरलेलं नाही, हे तारखा आणि जागेसह आधीच लिहून ठेवा. बिडी ओढणारा माणूस फ्रेममध्ये असेल तर तंबाखूचा इशारा लागतो, तेव्हा तो शॉट खरंच हवा का ते संकलनात बघा.

तिवर
गावातला खेळ ठरवताना भरतीचा तक्ता परत बघा. उधाणाच्या रात्री कुळं बांधावर असतात. अष्टमीच्या आसपासची संध्याकाळ घ्या, आणि लिलाव घेतलेल्याला त्या दिवशी दारं कधी उघडायची ते आधी विचारा.